मराठीत एजंट नसतो, मग एजंटचं काम कोण करणार?

"कादंबरी लिहून झालीय, एखादा चांगला लिटररी एजंट सुचवा ना" असं विचारणारे हल्ली बरेच वाढलेत, आणि त्यांचा दोष नाहीये, कारण यूट्यूबवर लेखक कसं व्हायचं याचे जे काही व्हिडिओ आहेत ते सगळे अमेरिकेचे किंवा फारतर दिल्लीच्या इंग्रजी प्रकाशन व्यवसायाचे. तिकडे लेखक एजंटला लिहितो, एजंट प्रकाशकाकडे जातो, सौदा ठरवतो आणि लेखकाला जे पैसे मिळतील त्यातले साधारण १५ टक्के घेतो, परदेशी हक्क विकले तर २० टक्के. मराठीत ही मधली कडीच नाही. का नाही, ते साध्या गुणाकारात कळतं. समजा पुस्तकाची किंमत २५० रुपये, पहिली आवृत्ती ५०० प्रतींची आणि रॉयल्टी १० टक्के. सगळ्या प्रती खपल्या तर लेखकाला मिळणार १२,५०० रुपये. त्यातले १५ टक्के म्हणजे १,८७५. एवढ्यासाठी कोण तुमचं हस्तलिखित दोनदा वाचणार, चार प्रकाशकांना फोन करणार आणि पुढची दहा वर्षं हिशेब तपासत बसणार?

तर एजंट नाही. पण एजंट जी कामं करतो ती कुठे जात नाहीत, ती तुमच्याच गळ्यात पडतात, आणि बहुतेक नवे लेखक ती करतच नाहीत कारण ती आपली आहेत हेच त्यांना कोणी सांगितलेलं नसतं. म्हणून हे सगळं क्रमाने लिहितोय.

एक गंमत आधीच सांगून ठेवतो, पुढे उपयोगी पडेल. मराठी प्रकाशकाला एजंट हा प्राणी अजिबात नवा नाही. तो जेव्हा एखाद्या गाजलेल्या इंग्रजी पुस्तकाचे मराठी अनुवादाचे हक्क घेतो तेव्हा समोर लंडन नाहीतर न्यूयॉर्कचा एजंट असतो, आणि त्या करारात मुदत लिहिलेली असते, आगाऊ रक्कम लिहिलेली असते, अमुक काळात पुस्तक आलं नाही तर हक्क परत आणि दरवर्षी हिशेब पाठवायचा हेही लिहिलेलं असतं. प्रकाशक त्यावर निमूट सही करतो. मग तेच मुद्दे मराठी लेखकाने काढले की "आपल्यात असं कुठे असतं हो" का? कारण मागणारं कोणी नसतं, बस.

कोणाकडे पाठवायचं

एजंटचं पहिलं काम म्हणजे योग्य दार ओळखणं. हे घरबसल्या होत नाही. पुण्यात असाल तर अप्पा बळवंत चौकात, मुंबईत असाल तर दादरला एखाद्या पुस्तकांच्या दुकानात, नाहीतर तुमच्या गावच्या वाचनालयात तासभर उभे राहा आणि तुमच्या पुस्तकासारखी, गेल्या चार-पाच वर्षांत आलेली पुस्तकं काढून फक्त आतलं श्रेयपान वाचा. मौज, पॉप्युलर, राजहंस, मेहता, मॅजेस्टिक, रोहन, मनोविकास, साकेत, लोकवाङ्मय गृह, ग्रंथाली ही नावं सगळ्यांना पाठ असतात, पण कोण नव्या लेखकाची कादंबरी काढतंय आणि कोण फक्त अनुवाद, चरित्रं नाहीतर अभ्यासाची पुस्तकं काढतंय ते श्रेयपानावरच कळतं. तिथे बघायचं काय तर आधी © च्या पुढे कोणाचं नाव आहे, लेखकाचं की प्रकाशनाचं. मग आवृत्त्यांच्या तारखा, म्हणजे हा प्रकाशक पहिली संपल्यावर दुसरी काढतो की पुस्तक तसंच मरू देतो. आयएसबीएन, म्हणजे पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळखक्रमांक, आहे का. मुद्रितशोधनाचं, मुखपृष्ठाचं नाव दिलंय का. ज्या प्रकाशकाच्या चार पुस्तकांत कॉपीराइट प्रकाशकाच्याच नावावर दिसतो तिथे जाताना सावध राहायचं, एवढं ते एक पान सांगून जातं.

ज्यांचं काहीच छापून आलेलं नाही त्यांनी थेट कादंबरी घेऊन जाण्याआधी दिवाळी अंकांकडे वळावं. १९०९ साली का. र. मित्रांनी 'मनोरंजन' मासिकाचा दिवाळी अंक काढला तेव्हापासून मराठीत नवा लेखक बहुतेक तिथूनच दिसतो, आणि प्रकाशकांची संपादक मंडळी हे अंक खरंच चाळतात. अंकाला कथा देताना एवढंच बघा की ती एकदा छापण्यापुरती दिलीय. तुम्ही तिथले पगारी नोकर नाही, वेगळं काही लिहून दिलेलं नसेल तर कथेचा मालक तुम्हीच राहता.

काय आणि कसं पाठवायचं

आता पत्र. इंग्रजीत याला क्वेरी म्हणतात आणि त्यावर लोकांनी अख्खी पुस्तकं लिहिलीत. मराठीत एक मेल पुरते, पण "सप्रेम नमस्कार, लहानपणापासून मला लेखनाची आवड" असं सुरू झालं की समोरचा दुसऱ्या ओळीला जांभई देतो. साधारण असं लिहा:

"नमस्कार. 'अमुक' ही माझी ६२ हजार शब्दांची कादंबरी पूर्ण झाली आहे. जिल्हा बँक बुडाल्यानंतरच्या दोन वर्षांत एका तालुक्याच्या गावातल्या तीन घरांचं काय होतं, त्याची ही गोष्ट आहे. तुम्ही काढलेली तमुक आणि ढमुक ही पुस्तकं मी वाचली आहेत, म्हणून तुमच्याकडे पाठवतो आहे. माझ्या दोन कथा दिवाळी अंकांत आल्या आहेत. सोबत दोन पानी सारांश आणि पहिली तीन प्रकरणं जोडली आहेत. पूर्ण हस्तलिखित सांगाल तेव्हा पाठवतो. सध्या हे इतर कोणाकडेही दिलेलं नाही."

झालं. सारांशात शेवटसुद्धा सांगायचा, "पुढे काय होतं ते वाचाच" असला प्रकार तिथे करू नका, तो माणूस गिऱ्हाईक नाहीये. शेवटचं वाक्य मुद्दाम घातलंय. इंग्रजी एजंटांना एकाच वेळी दहा जणांना पाठवलेलं चालतं, मराठीत मात्र एका वेळी एकालाच दिलं असेल असं गृहीत धरलं जातं. मग मुदत तुम्हीच ठरवा. तीन महिने थांबा, एक फोन करा, अजून महिनाभर काहीच हललं नाही तर "मी आता इतरत्र देतो आहे" असा मेल टाका आणि मोकळे व्हा. न टाकता दुसरीकडे दिलंत आणि दोघांनी एकदम होकार दिला तर पंचाईत होते, हे विश्व लहान आहे, सगळे सगळ्यांना ओळखतात.

फाइल युनिकोडमध्येच ठेवा, वर्ड आणि पीडीएफ दोन्ही पाठवा. पीडीएफ यासाठी की पुष्कळ डीटीपीवाले अजून श्रीलिपी या युनिकोड नसलेल्या जुन्या फॉन्टमध्येच पानं लावतात, आणि युनिकोडवरून तिकडे मजकूर नेताना जोडाक्षरं हमखास तुटतात. 'दुसऱ्या'चं 'दुसर्‍या' होतं, कधी रफार शेजारच्या अक्षरावर जाऊन बसतो, अवतरणचिन्हं उलटी होतात. तुमची पीडीएफ शेजारी असेल तर मुद्रितशोधकाला मूळ काय होतं ते बघता येतं. आणि प्रूफ स्वतः वाचाच, एकदा तरी, कागदावर.

पैशाचं बोलणं

खरी गोची इथे आहे. मराठी प्रकाशनव्यवहार घरोब्यावर चालतो. चहा होतो, गप्पा होतात, प्रकाशक वयाने मोठे असतात, आपण त्यांना सर नाहीतर काका म्हणतो, ते "अहो, तुम्ही घरचेच" म्हणतात, आणि मग रॉयल्टी किती, मुदत किती हे विचारायला जीभ रेटत नाही. इंग्रजीतल्या एजंटचा सगळ्यात मोठा उपयोग हाच की वाईटपणा तो घेतो आणि लेखक-संपादक गोडीगुलाबीने पुस्तकावर काम करत राहतात. आपल्याकडे तो नाही तर दुसरा कोणीतरी उभा करा. "आमच्या घरच्यांनी करार बघायला मागितलाय", "सीए म्हणतायत टक्केवारी लिखित पाहिजे" हे सरळ चालतं, कोणाला राग येत नाही. बायको, नवरा, बहीण, वकील मित्र, कोणीही. आणि जे काही बोलणं झालं ते त्याच संध्याकाळी मेलवर लिहून टाका: "आज आपलं ठरलं त्याप्रमाणे…"

करार हवाच. तोंडी नको, व्हॉट्सॲपवरच्या अंगठ्यावर तर नकोच. १९५७च्या कॉपीराइट कायद्यात कलम १९ आहे, ते एकदा वाचून ठेवा, दोन पानांचं काम आहे. हक्क दुसऱ्याच्या नावे करायचे तर ते लेखी आणि तुमच्या सहीनेच होतात. कोणते हक्क, किती वर्षांसाठी, कोणत्या प्रदेशासाठी आणि मोबदला किती, हे त्यात असायला लागतं. मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. आणि हक्क घेऊन वर्षभरात वापरलेच नाहीत तर, करारात वेगळं काही ठरलेलं नसेल तर, ते परत तुमच्याकडे येतात. म्हणजे कायदा बऱ्यापैकी लेखकाच्या बाजूने आहे, पण "यातील सर्व हक्क कायमस्वरूपी" या एका ओळीखाली सही केलीत की ही सगळी कवचकुंडलं तुम्ही स्वतःच्या हाताने काढून दिली.

रॉयल्टीचा टक्का सगळे विचारतात, टक्का कशावर हे कोणी विचारत नाही. छापील किमतीवर १० टक्के आणि प्रकाशकाच्या हातात पडणाऱ्या रकमेवर १० टक्के यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. ३०० रुपयांचं पुस्तक, १००० प्रती. छापील किमतीवर धरलं तर ३०,००० रुपये. आता वितरक आणि दुकानदार मिळून ४५ टक्के कमिशन घेत असतील तर प्रकाशकाला एका प्रतीमागे १६५ रुपये मिळतात, त्यावर १० टक्के म्हणजे साडेसोळा रुपये, एकूण १६,५००. करारात टक्का तोच, पैसे जवळपास निम्मे. दुसऱ्या पद्धतीवर ठरत असेल तर टक्का वाढवून मागा, त्यात काही गैर नाही. शिवाय छापलेल्या प्रतींवर की विकलेल्या प्रतींवर, प्रकाशनपूर्व सवलतीत गेलेल्या प्रती धरायच्या का, ग्रंथालय खरेदीत मोठ्या सवलतीने गेलेल्या प्रतींचं काय, लेखकाला किती प्रती मोफत आणि पुढच्या किती टक्के सवलतीने, हे सगळं आताच लिहून घ्या.

आगाऊ रक्कम मराठीत नव्या लेखकाला सहसा मिळत नाही, त्यासाठी भांडण्यात शक्ती घालवू नका. ती शक्ती हक्क परत मिळण्याच्या कलमावर लावा. पूर्वी "आवृत्ती संपून दोन वर्षांत नवी काढली नाही तर हक्क लेखकाकडे" एवढं पुरायचं. आता छपाई डिजिटल झालीय, कोणीही पन्नास प्रती छापून "पुस्तक उपलब्ध आहे" म्हणू शकतो. त्यामुळे आकडाच घाला, सलग दोन वर्षं १०० प्रतींपेक्षा कमी विक्री झाली तर हक्क परत, असं काहीतरी. प्रकाशक आकड्यावर घासाघीस करेल, करू दे.

आणि एका आवृत्तीत प्रती किती तेही करारात पाहिजे. "पाचवी आवृत्ती" म्हणजे ५०० की ५०००, बाहेरून कळायला काही मार्ग नसतो.

बाकीचे हक्क वेगळे ठेवा

माझ्या मते लेखकांचं सगळ्यात मोठं नुकसान इथेच होतं. छापील मराठी पुस्तक हा एक हक्क झाला. ई-बुक वेगळा, ऑडिओ वेगळा, अनुवाद वेगळा, नाटक-सिनेमा-मालिका वेगळी. २०१७ साली स्टोरीटेल हे ऑडिओबुकचं ॲप भारतात आलं ते मराठी घेऊनच, ई-बुकांच्या किंडलवर त्याआधीपासून मराठी आहे, म्हणजे या हक्कांना आज खरोखर गिऱ्हाईक आहे. प्रकाशक ऑडिओचे हक्क मागत असेल तर विचारा, तुम्ही स्वतः काढणार का, कधीपर्यंत, की पुढे विकणार? विकणार असतील तर ते तुमच्यासाठी एजंटचंच काम करतायत, मग त्यांचा वाटाही त्या हिशेबाने ठरवा, सरसकट निम्मा कशासाठी? जुने करार असलेल्यांनी हेही बघावं की कॉपीराइट कायद्याच्या २०१२च्या दुरुस्तीनंतर झालेल्या करारांत, जे माध्यम करार होताना अस्तित्वातच नव्हतं किंवा धंद्यात आलेलं नव्हतं, ते करारात नाव घेऊन लिहिलेलं नसेल तर दिलं असं धरत नाहीत. जुना करार वकिलाला दाखवायला हरकत नाही, पण एकदम नोटीस पाठवू नका, आधी फोन.

हे हक्क कुठपर्यंत जाऊ शकतात बघा. सचिन कुंडलकरांची 'कोबाल्ट ब्लू' २००६ला मराठीत आली, २०१३ला जेरी पिंटोंचा इंग्रजी अनुवाद आला आणि २०२२ला कुंडलकरांनी स्वतःच केलेला सिनेमा नेटफ्लिक्सवर. एका छोट्या मराठी कादंबरीचे तीन वेगवेगळे व्यवहार. तुमच्या वाट्याला असं येईलच असं नाही, पण आलं तर सही करायचा अधिकार तुमच्याकडे असायला हवा.

खरा एजंट कधी लागतो

इंग्रजीत जायचं असेल तेव्हा. बंगळुरूहून सुरू झालेली जकरांडा, जयपूरची सियाही, दिल्लीतली रायटर्स साइड आणि रेड इंक अशा एजन्सी भारतात आहेत आणि त्यांचा मुख्य धंदा इंग्रजीचा आहे. २०२२ला गीतांजली श्रींच्या हिंदी कादंबरीला आणि २०२५ला बानू मुश्ताक यांच्या कन्नड कथांना आंतरराष्ट्रीय बुकर मिळाल्यापासून भारतीय भाषांकडे बघायची नजर नक्कीच बदललीय. पण मराठी लेखकाने एजंटला "माझी कादंबरी मराठीत खूप गाजली" असं लिहून काही होत नाही, त्याला मराठी वाचता येत नसतं. आधी अनुवादक गाठा. ज्यांची दोन-तीन इंग्रजी पुस्तकं आली आहेत असा माणूस, त्याला पुस्तक द्या, आवडलं तर नमुन्याची तीस-चाळीस पानं करून घ्या आणि त्या पानांचे पैसे त्याला द्या. बरेचदा एजंट आधी अनुवादकाचाच ओळखीचा निघतो. त्या बुकरचे ५० हजार पौंडसुद्धा लेखक आणि अनुवादकात निम्मे-निम्मे वाटले जातात, त्यामुळे अनुवादक म्हणजे टायपिस्ट नव्हे एवढं डोक्यात ठेवून बोला.

एजंटचा पहिला प्रश्न असतो, अनुवादाचे हक्क तुमच्याकडे आहेत का? तिथे करार काढून दाखवावा लागतो. प्रकाशकाकडे असतील तर त्यांचं पत्र आणा, वाटा किती ते ठरवून आणा, मगच पुढे.

एजंट खरा की खोटा हे ओळखायला एक कसोटी जवळजवळ पुरते: तो तुमच्याकडून आधी पैसे मागतो का? हस्तलिखित वाचायची फी, नोंदणी फी, 'पॅकेज' असं काही निघालं की नमस्कार करून उठा. एजंट पुस्तक विकल्यावर कमावतो. करार करताना फक्त इंग्रजी आणि परदेशी भाषांपुरता करा, मराठीचे हक्क त्यात घालू नका, आणि सोडायचं झालं तर किती दिवसांची सूचना ते लिहून घ्या. सोडल्यावरही त्याने जमवलेल्या सौद्यांवरचं कमिशन त्याला मिळत राहतं, त्यात फसवणूक काही नाही, रीतच आहे. पैसेही प्रकाशकाकडून आधी एजंटकडे जातात, तो आपले कापून तुमचे पाठवतो. म्हणून रक्कम आल्यावर किती दिवसांत पाठवणार तेही विचारा.

"थोडा खर्च लेखकाने उचलायचा"

प्रकाशकाकडून हे ऐकलं नाही असा नवा लेखक मला तरी भेटलेला नाही. कधी सरळ पैसे मागतात, कधी "३०० प्रती तुम्ही घ्या" असं असतं. पैसे देऊन पुस्तक काढणं हा काही गुन्हा नाही, कवितासंग्रहांचं तर मराठीत बऱ्याच अंशी असंच चाललंय, पण मग तो छपाईचा व्यवहार आहे हे दोघांनी कबूल करावं. पैसे तुमचे तर सगळे हक्क तुमचे, सगळ्या प्रतींचा हिशेब तुमचा, छपाईचं बिल तुमच्या नावाने. पैसेही तुम्ही द्यायचे आणि वर कॉपीराइटही त्यांचा, अशा कागदावर सही करू नका. त्याआधी राज्याच्या साहित्य आणि संस्कृती मंडळाची नवलेखक अनुदान योजना बघा, ती पहिल्या पुस्तकासाठीच आहे. आयएसबीएन मिळवून देण्याचे म्हणून कोणी पैसे लावत असेल तर सांगा की भारतात तो सरकारी राजा राममोहन रॉय एजन्सीकडून फुकट मिळतो.

पुस्तक आल्यावर

हिशेब वर्षातून एकदा, मार्च संपल्यावर. आला नाही तर जूनमध्ये आठवणीचा मेल, रागाचा नाही, एका ओळीचा. हिशेबात सुरुवातीचा साठा, नव्याने छापलेल्या, विकलेल्या, मोफत दिलेल्या आणि शिल्लक प्रती एवढे आकडे हवेत, नुसता "रॉयल्टी रु. ४,२००" असा चेक आला तर बाकीचे मागून घ्या. पॅन नंबर आधीच देऊन ठेवा. एका प्रकाशकाकडून वर्षात ५० हजारांच्या वर रॉयल्टी गेली तर १० टक्के टीडीएस कापला जातो, पॅन नसेल तर जास्त. जुन्या करप्रणालीत राहणाऱ्या लेखकांना साहित्यिक पुस्तकांच्या रॉयल्टीवर तीन लाखांपर्यंत वजावट मिळते, त्यासाठी प्रकाशकाचं प्रमाणपत्र लागतं. सीएला हे स्वतःहून सांगा, बऱ्याच जणांना लेखक अशील कधी भेटलेलाच नसतो.

शेवटचं काम पन्नाशीच्या पुढच्यांनी तरी लगेच करून टाकावं. कॉपीराइट लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं राहतो, म्हणजे तुमच्या नातवंडांपर्यंत. मृत्युपत्रात फ्लॅट आणि दागिने लिहितात, पुस्तकं राहून जातात. मग तीन भावंडांच्या सह्या मिळत नाहीत म्हणून दुसरी आवृत्ती अडकते आणि प्रकाशकही नाद सोडतो. हक्क कोणा एकाच्या नावे करा, रॉयल्टी हवी तर सगळ्यांत वाटा, सगळे करार एका फाइलमध्ये लावा आणि ज्याच्या नावे केलंत त्याचा फोन नंबर प्रकाशकाला आत्ताच देऊन ठेवा.